ट्रिम काढायचा ११ नगांचा नायलॉन सेट: आठ महिन्यांच्या वापरानंतर

गाडीच्या आतली ट्रिम, म्हणजे प्लास्टिकची कव्हरं आणि पॅनल, उचकटायच्या या सेटमधली आठ महिन्यांत एकच वस्तू मोडली, पण मोडली ती सगळ्यात जास्त वापरातली: रुंद सपाट पट्टी. तिच्या कोपऱ्याचा नखाएवढा तुकडा स्टिअरिंग कॉलमच्या वरच्या आणि खालच्या कव्हरमधल्या फटीत तुटून अडकला. तो चिमट्याने निघाला, पण कव्हरच्या कडेला पांढुरकी रेघ राहिली ती राहिलीच. प्लास्टिक ताणाने पांढरं पडलं की पुसून जात नाही. म्हणून हा अनुभव लिहायला घेतला, आणि यातला मोठा भाग त्या पट्टीच्या कडेबद्दलच आहे.

सेट नेहमीचाच: सपाट पट्ट्या, आकड्यासारख्या वळलेल्या दोन पट्ट्या, पाचरी, आणि सोबत क्लिप उपटायचा धातूचा दोन दातांचा काटा. डॅशबोर्ड, दाराची पॅनल, छताचं अस्तर या सगळ्यासाठी तो विकला जातो. इथे मात्र मुख्य काम स्टिअरिंग कॉलमभोवतीच्या ट्रिमचं होतं. कॉम्बिनेशन स्विच (इंडिकेटर-वायपरच्या दांड्यांचा) बदलणं, क्लॉक स्प्रिंग (फिरत्या व्हीलमधल्या हॉर्नला आणि एअरबॅगला वीज पोचवणारी गुंडाळलेली पट्टी) बदलणं, इग्निशनभोवतीची इमोबिलायझरची, म्हणजे किल्ली ओळखणारी कॉइल तपासणं, खड्ड्यात येणारी करकर बंद करणं, अशा कामांसाठी वेगवेगळ्या गाड्यांवर हे कव्हर नऊ वेळा उघडलं. दाराच्या पॅनलला जे अवजार उत्तम चालतं ते कॉलमला चालेलच असं नाही, आणि कारण एकच: फट.

दाराचं पॅनल आणि पत्रा यांच्यात बोट शिरेल इतकी जागा करता येते. कॉलमच्या दोन कव्हरमधली फट अर्धा मिलिमीटर, फार तर पाऊण. या सेटच्या रुंद पट्टीचं टोक व्हर्नियरवर १.६ मिमी भरलं. म्हणजे ती फटीत शिरत नाही, दाबून घुसवावी लागते. कव्हर एबीएस या कडक प्लास्टिकचं, त्यावर बारीक दाणेदार पोत. दाबून घुसवलं की तो पोत घासून गुळगुळीत होतो आणि तेवढा चट्टा उन्हात चमकतो. नेमका ड्रायव्हरच्या नजरेसमोर. पट्टी मऊ आहे, ओरखडा पडणार नाही, असं पाकिटावर लिहिलेलं असतं. ओरखडा पडत नाही हे खरं, पण चट्टा पडतो.

यावर उपाय आहे आणि तो सेट घेतल्याच्या पहिल्याच दिवशी करावा. सपाट काचेवर २४० नंबरचा पाण्याचा पॉलिश पेपर ठेवायचा, पट्टीची एकच बाजू तिरकी धरून ओली घासायची. टोकापासून १० ते १२ मिमी लांबीत उतार यावा आणि टोकाशी जाडी ०.७ ते ०.८ मिमी राहावी. दुसरी बाजू सपाटच ठेवायची, ती दिसणाऱ्या कव्हरकडे येते. दोन्ही कोपरे थोडे गोल करायचे. नायलॉन घासला की कडेला कापसासारखे तंतू निघतात. ते ओढू नयेत, ब्लेडने कापावेत, मग ६०० नंबरने शेवटचा हात मारावा. अर्ध्या मिलिमीटरच्या खाली मात्र जाऊ नये. तिथे कड फटीत दुमडते आणि जोर क्लिपपर्यंत पोचतच नाही. अशी घासलेली मधली पट्टी पुढची पाच कामं एकही खूण न ठेवता करते आहे. वीस मिनिटांचं काम आहे, आणि ते बनवणाऱ्याने साच्यातच करून द्यायला हवं होतं ही तक्रार कायम आहे.

आता त्या मोडलेल्या पट्टीबद्दल. सुरुवातीचं मत सरळ होतं: माल हलका, प्लास्टिक ठिसूळ. ते मत पुढे बदलावं लागलं. नायलॉन हवेतली ओल शोषून घेतो, आणि ती ओलच त्याला चिवट ठेवते. पूर्ण कोरडा नायलॉन जास्त कडक आणि जास्त ठिसूळ असतो. हा सेट कित्येक आठवडे बंद गाडीत, काचेखालच्या तापत्या डॅशबोर्डवर पडून होता. उरलेल्या पट्ट्या दोन दिवस साध्या पाण्यात बुडवून ठेवल्या, पुसून सावलीत वाळवल्या. आधी वाकवताना ज्या कुरकुरत होत्या त्याच आता कमानीसारख्या वाकून परत सरळ होतात. तेव्हापासून सेट घरात कपाटात असतो. गाडीत ठेवायचाच असेल तर सीटखाली, उन्हापासून लांब.

दुसरं कारण त्याहून महत्त्वाचं. पट्टी फटीत घालून किल्लीसारखी पिळली की सगळा भार एका कोपऱ्यावर येतो. पट्टी ही तरफ आहे. ती आत सरकवून मागचं टोक उचलायचं, पिळायची नाही. आणि पिळावंसं वाटलं, म्हणजे कव्हर सुटत नसलं, तर दहापैकी नऊ वेळा एखादा स्क्रू राहिलेला असतो. त्या दिवशीही राहिला होता. तेव्हा मोडण्याचा सगळा दोष पट्टीवर टाकता येत नाही. जाड कडेचा दोष मात्र तिचाच.

स्क्रूंचं गणित असं. खालच्या कव्हरला खालून दोन किंवा तीन स्क्रू असतात, ते खाली वाकलं की दिसतात. पण बऱ्याच गाड्यांत आणखी दोन स्क्रू स्टिअरिंग व्हीलच्या मागे, ड्रायव्हरकडे तोंड करून असतात. व्हील सरळ असताना ते आऱ्यांआड लपतात. व्हील पाव फेरा डावीकडे फिरवला की एक दिसतो, पाव फेरा उजवीकडे फिरवला की दुसरा. काही ठिकाणी त्यांच्यावर छोटी प्लास्टिकची टोपी असते. टिल्ट, म्हणजे कॉलम वर-खाली करायची सोय, असेल तर कॉलम आधी पूर्ण खाली घ्यायचा, मग वरचं कव्हर मीटरच्या चौकटीत अडकत नाही. खालचं कव्हर उतरवताना टिल्टचा दांडा सोडलेला ठेवायचा, नाहीतर त्याच्या खाचेत कव्हर अडतं आणि तिथेच तडकतं.

बॅटरी कधी काढायची यावर घाई नको. बटणाने सुरू होणाऱ्या ज्या गाड्यांत स्टिअरिंग लॉक विजेवर चालतं, तिथे बॅटरी आधी काढली तर लॉक सुटत नाही, आणि मागचे दोन स्क्रू दिसायला व्हील फिरवता येत नाही. अशा गाडीत मागचे स्क्रू आधी काढून घ्यावेत, व्हील सरळ करावं, मग बॅटरीची निगेटिव्ह सोडावी. किल्लीच्या गाडीत किल्ली घालून लॉक उघडता येतं, तिथे हा घोळ नाही. निगेटिव्ह सोडल्यावर त्या गाडीच्या मॅन्युअलमध्ये दिलेला वेळ थांबायचं. तो गाडीगणिक दीड मिनिटापासून दहा मिनिटांपर्यंत असतो, कारण एअरबॅगच्या यंत्रणेत साठलेला भार उतरायला वेळ लागतो. नुसतं कव्हर काढायचं तर एअरबॅगला हात लागत नाही, पण कॉम्बिनेशन स्विचच्या आसपास पिवळा कनेक्टर दिसला की तो एअरबॅगचा, त्याला मल्टिमीटर लावायचा नाही आणि ओढायचा तर मुळीच नाही. क्लॉक स्प्रिंगपर्यंत जायचं असेल तर चाकं सरळ ठेवूनच जायचं. ती मध्यावर नसताना बसवली तर व्हील पूर्ण वळवल्यावर आतली पट्टी तुटते, मग हॉर्न बंद आणि एअरबॅगचा दिवा चालू.

गुडघ्यासमोरचं पॅनलही बऱ्याचदा काढावं लागतं. काही गाड्यांत त्यामागे गुडघ्याची एअरबॅग असते. पॅनलवर एअरबॅगची खूण असेल तर हा सेट बाजूला ठेवावा आणि ते काम वर्कशॉपकडे द्यावं. नसेल तर पॅनल खालून स्क्रूने आणि वरून स्प्रिंगच्या क्लिपांनी धरलेलं असतं. सरळ स्वतःकडे ओढायचं, वर-खाली हलवायचं नाही. ओढण्याआधी आत हात घालून बॉनेटची वायर आणि निदानाचं सॉकेट मोकळं करायचं.

आता कव्हर उघडण्याची जागा. फटीत कुठेही पट्टी घालायची नाही. दोन्ही कव्हर एकमेकांत साधारणपणे बाजूच्या मध्याजवळ आणि पुढे, व्हीलच्या बाजूच्या कोपऱ्यांत आकड्यांनी धरलेली असतात. अंगठ्याने फटीवर दाबत गेलं की जिथे कव्हर दबत नाही तिथे आकडा. पट्टी त्या आकड्याच्या शेजारी, १० मिमी अंतरावर घालायची. आकड्यावरच घातली तर आकडा तुटतो. मागचं टोक उचललं की टक्क असा आवाज होतो. तो कोरडा, एकच टक्क असला तर आकडा सुटला. कड्कड् असा लांबला तर थांबायचं. एक बाजू सुटली की तिथे दुसरी पातळ पट्टी नुसती ठेवून द्यायची, नाहीतर दुसरी बाजू सोडवताना पहिली परत बसते. या एका कारणासाठी दोन पट्ट्या घासून ठेवणं फायद्याचं.

थंडीत एबीएस ताठ होतं. गाडी रात्रभर गारठ्यात उभी असेल तर आधी हीटर दहा मिनिटं चालवावा किंवा केस वाळवायचा ड्रायर लांबून फिरवावा. हात ठेवता येईल इतकंच गरम, त्यापुढे पोत बिघडतो.

वरचं कव्हर सुटलं की लगेच उचलू नये. अनेक गाड्यांत ते मीटरच्या चौकटीला लवचिक रबरी पडद्याने जोडलेलं असतं. तो पडदा खाचेतून सरकवून सोडायचा असतो. खालच्या कव्हरमध्ये इग्निशनच्या भोकाभोवती इमोबिलायझरची कॉइल असते, तिची वायर केसासारखी बारीक. ती तुटली तर गाडी किल्ली ओळखत नाही. कव्हर आधी दोन बोटं खाली घेऊन आत टॉर्च मारावा, मगच पुढे.

स्क्रूबद्दल एक गोष्ट या सेटच्या बाहेरची, पण सांगायलाच हवी. जपानी बनावटीच्या गाड्यांत फुलीचे स्क्रू बऱ्याचदा जेआयएस या जपानी मानकाच्या पद्धतीचे असतात, त्यांत साधा फिलिप्स ड्रायव्हर जोर दिला की उसळून बाहेर येतो आणि डोकं गोल करतो. युरोपीय गाड्यांत बऱ्याचदा टॉर्क्स (सहा टोकांच्या ताऱ्याचा) टी २० किंवा टी २५ लागतो. लांब दांड्याचा, चुंबकी टोकाचा ड्रायव्हर हवा. स्क्रू कॉलमच्या आत पडला तर तो शोधण्यात अर्धा दिवस जातो. बॅटरीवरचा ड्रायव्हर मात्र नको.

तो का नको हे बसवताना कळतं. हे स्क्रू थेट प्लास्टिकच्या नळीत आटे पाडून बसलेले असतात. परत बसवताना स्क्रू आधी उलटा फिरवायचा. एका जागी तो हलकेच खाली पडल्यासारखा बसतो, तिथे जुने आटे सापडले. मग तीन बोटांनी सुलटा. सरळ सुलटा फिरवला तर नवे आटे पडतात, आणि दोन-तीन वेळा असं झालं की नळी गुळगुळीत होऊन स्क्रू फिरतच राहतो. सगळे स्क्रू आधी दोन-दोन आटे लावून ठेवायचे, कव्हरची फट सगळीकडे सारखी झालेली बघायची, मगच आवळायचे.

करकर बंद करायची असेल तर आकड्यांच्या बसण्याच्या जागी कापडी टेपचा बारीक तुकडा पुरतो. सिलिकॉनचा स्प्रे इथे नको, तो स्विचच्या संपर्कांवर जाऊन बसतो. आकडा तुटला तर चिकटवण्याआधी कव्हरची आतली बाजू बघावी. दोन बाणटोकांच्या मध्ये प्लास्टिकचं नाव उमटवलेलं असतं. एबीएसवर एपॉक्सी चांगलं धरतं, पीपीवर (पॉलिप्रॉपिलीनवर) जवळपास काहीच धरत नाही. झटपट गोंदाने आजूबाजूला पांढरी वाफ बसते, ती पोतावरून निघत नाही.

दुसरा बदललेला अभिप्राय धातूच्या काट्याबद्दल. कॉलमजवळ धातू आणायचाच नाही, म्हणून तो पहिले चार महिने पाकिटातच होता. पण गुडघ्याच्या पॅनलच्या स्प्रिंग क्लिपा कधीकधी पॅनलसोबत न येता पत्र्याच्या चौकटीतच राहतात. त्या काढायला नायलॉनचं काहीही उपयोगी पडत नाही. हा काटा खाली सरकवून उचलला की क्लिप आकार न बिघडता निघते. मग ती पक्कडीने किंचित दाबून पॅनलवर चढवायची, पॅनल परत घट्ट बसतं. दांड्यावर मास्किंग टेपचे दोन वेढे दिले की शेजारच्या प्लास्टिकला लागत नाही.

हिशेब करायचा तर मोडलेली रुंद पट्टी सोडून ११ पैकी कॉलमच्या कामात खरी वापरली गेली ती चार: दोन घासलेल्या मधल्या पट्ट्या, हा काटा आणि एक वळलेली पट्टी. तीन पाचरी आजही कोऱ्या आहेत. पुन्हा घ्यायची वेळ आली तर मोठा सेट घेणार नाही. दोन सुट्या पट्ट्या आणि एक काटा पुरतो, आणि पट्टी निवडताना रंग, मूठ, पाकीट काही न बघता फक्त टोकाची जाडी बघेन. दुकानात व्हर्नियर नसला तरी खिशातलं प्लास्टिकचं बँक कार्ड चालतं: त्याची जाडी ०.७६ मिमी असते. टोक त्याच्याशेजारी धरून दुप्पट जाड दिसलं तर घरी पॉलिश पेपर लागणार.