पेसमेकरसोबतचे नऊ महिने: गरज कशी ठरली आणि पुढे काय अनुभव आला

माझ्या छातीत डाव्या बाजूला, कॉलरबोनच्या खाली पेसमेकर, म्हणजे मंद पडणाऱ्या हृदयाला विद्युत संदेश देऊन ठोके चालू ठेवणारे छोटे यंत्र, बसवून आता नऊ महिने पूर्ण झाले आहेत. शस्त्रक्रियेनंतर लगेच लिहिले असते तर त्यात भीती आणि सुटकेची भावना यांखेरीज फारसे काही आले नसते, म्हणून मी मुद्दाम थांबले. आता यंत्राच्या दोन तपासण्या झाल्या आहेत, एकदा त्याची मांडणी (सेटिंग) बदलून घेतली आहे आणि रोजच्या जगण्यात ते कुठे उपयोगी पडते व कुठे नाही, हे मला नीट कळले आहे. माझे वय एकसष्ट वर्षे आहे.

सुरुवात ‘चक्कर’ या शब्दापासून करावी लागेल, कारण माझे आठ महिने याच शब्दाने खाल्ले. आपल्याकडे भोवतालचे सारे गरगर फिरू लागले तरी चक्कर आली म्हणतात आणि डोळ्यांपुढे अंधारी येऊन पायांतले बळ गेले तरी चक्करच आली म्हणतात. पहिला प्रकार बहुधा कानाच्या आतील तोल सांभाळणाऱ्या भागाशी संबंधित असतो, तर दुसऱ्यात मेंदूला काही क्षण पुरेसे रक्त मिळालेले नसते. मला दुसरा प्रकार होत होता. पण मी दवाखान्यात जाऊन “चक्कर येते” एवढेच सांगितले आणि समोरच्या डॉक्टरांनीही नेमके काय होते हे खोदून विचारले नाही. कानाच्या चक्करेच्या गोळ्या सुरू झाल्या. एकदा ईसीजीही काढला, तो नॉर्मल आला आणि हृदयाचा विषय तिथेच मिटला. साधा ईसीजी जेमतेम दहा सेकंदांची नोंद घेतो. दिवसातून दोन-तीनदाच चुकणारे हृदय त्या दहा सेकंदांत सापडेलच असे नाही, हे त्या वेळी मला कोणी सांगितले असते तर जिन्याच्या वळणावर बेशुद्ध पडून भुवईला टाके घालून घेण्याची वेळ माझ्यावर आली नसती. या दिरंगाईचा राग मला आजही येतो.

पडल्यानंतर मात्र तपास नीट झाला. हृदयरोगतज्ज्ञांनी सर्वप्रथम माझी औषधे तपासली. रक्तदाबासाठी मी घेत असलेली गोळी बीटा ब्लॉकर गटातली होती आणि हा गट हृदयाचे ठोके मंद करतो. ती बंद करून दुसऱ्या गटातली गोळी सुरू केली, थायरॉइड आणि रक्तातील पोटॅशियम तपासले, काचबिंदूसाठी डोळ्यांत काही थेंब घालते का, हेही विचारले. कारण त्यांतल्या काही थेंबांमुळेही ठोके मंदावतात. ठोके मंद होण्याचे कारण जर दूर करता येण्याजोगे असेल तर ते आधी दूर करायचे आणि मगच पेसमेकरचा विचार करायचा, हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो. ज्यांना कोणी घाईने यंत्र सुचवले असेल त्यांनी ही विचारणा झाली आहे ना, हे अवश्य पाहावे.

माझ्या बाबतीत गोळी बदलून काही दिवस गेल्यावरही ठोके मंदच राहिले, तेव्हा चोवीस तास ठोक्यांची सलग नोंद घेणारे होल्टर हे यंत्र लावले. छातीवर चिकटवलेल्या पट्ट्या, कमरेला लहानशी डबी आणि हातात एक कागद, ज्यावर जे काही जाणवेल ते वेळेसह लिहायचे होते. त्या कागदावर मी पेन्सिलीने लिहिलेली एक ओळ आजही माझ्या फाइलमध्ये आहे: “११.४०, कपडे वाळत घालताना अंधारी, दोरी धरली.” डॉक्टरांनी होल्टरची त्याच मिनिटाची पट्टी माझ्यासमोर ठेवली. एकामागून एक ठोके येत होते, मग अचानक सरळ रेघ आणि ४.८ सेकंदांनंतर पुढचा ठोका. त्या सपाट रेघेकडे मी बराच वेळ बघत राहिले. आठ महिने ज्याला मी अशक्तपणा म्हणत होते, वयाचा परिणाम म्हणत होते, ते माझ्यासमोर कागदावर मोजून ठेवलेले होते.

पेसमेकर कधी लागतो याचे माझ्यापुरते उत्तर त्या दोन कागदांच्या जुळणीत होते. नाडी अमुक आकड्याखाली गेली की यंत्र बसवायचे, असा नियम नाही. झोपेत ठोके चाळिसापर्यंत उतरणे निरोगी माणसातही आढळते. माझी भाची लांब पल्ल्याचे धावणे करते आणि तिची विश्रांतीतली नाडी शेहेचाळीस असते. तिला कोणताही त्रास नाही, व्यायाम करताना तिचे ठोके हवे तेवढे वाढतात आणि तिला पेसमेकरची काडीमात्र गरज नाही. माझी नाडी कधीकधी तिच्यापेक्षा जास्त असे, पण मध्येच थांबे आणि जिना चढतानाही अठ्ठ्याहत्तरच्या पुढे जात नसे. हृदयाच्या उजव्या वरच्या कप्प्यात साइनस नोड नावाचा पेशींचा पुंजका असतो. तो विश्रांतीत मिनिटाला साधारण ६० ते १०० वेळा विद्युत संदेश देतो आणि श्रम वाढले की वेग वाढवतो. माझा हाच पुंजका दुबळा झाला होता. या आजारात लक्षणे आणि नोंद यांचा मेळ बसला की पेसमेकर सुचवतात. नुसता आकडा कमी आहे पण त्रास नाही, तर बहुधा लक्ष ठेवून थांबतात. ज्यांना महिन्या-दोन महिन्यांतून एकदाच भोवळ येते त्यांच्या बाबतीत चोवीस तासांचे होल्टर हाती काही लागू देत नाही. अशांना जास्त दिवसांची नोंद घेणारी पट्टी किंवा त्वचेखाली बसवायचा छोटा लूप रेकॉर्डर सुचवला जातो.

शेजारच्या खाटेवरच्या गृहस्थांची गोष्ट वेगळी होती आणि तीही सांगायला हवी. त्यांना एकदाही भोवळ आली नव्हती, फक्त अलीकडे थकवा जाणवत होता. तरीही डॉक्टर त्यांना घरी पाठवायला तयार नव्हते. त्यांचा साइनस नोड ठीक होता, पण वरच्या कप्प्यांतला संदेश खालच्या कप्प्यांपर्यंत पोहोचतच नव्हता. यालाच संपूर्ण हार्ट ब्लॉक म्हणतात. येथेही शब्दाने घोटाळा केला, कारण त्यांचे नातेवाईक “ब्लॉक किती टक्के आहे, स्टेंट टाकणार का” असे विचारत होते. रक्तवाहिनीतील ब्लॉक म्हणजे रक्ताच्या वाटेतला अडथळा आणि हार्ट ब्लॉक म्हणजे विद्युत संदेशाच्या वाटेतला अडथळा. दोहोंचे उपचार पूर्णपणे वेगळे आहेत. संपूर्ण ब्लॉक कायमचा असेल तर लक्षणांची वाट न पाहता पेसमेकर बसवतात. दुसऱ्या दर्जाच्या ब्लॉकमध्ये, म्हणजे काहीच संदेश अडतात तेव्हा, मोबिट्झ दोन या प्रकारातही तसेच करतात, कारण तो पुढे अचानक संपूर्ण ब्लॉकमध्ये बदलू शकतो. हृदयविकाराच्या झटक्यानंतर आलेला ब्लॉक मात्र काही वेळा आपोआप भरून निघतो, म्हणून तेव्हा तात्पुरता पेसमेकर लावून वाट पाहतात.

शस्त्रक्रियेबद्दल थोडक्यात सांगते, कारण तिची भीती प्रत्यक्षापेक्षा कितीतरी मोठी होती. तेवढीच जागा बधिर करून, मी जागी असताना, सुमारे तासाभरात ती पार पडली. शिरेतून दोन लीड, म्हणजे यंत्राला जोडलेल्या बारीक तारा, हृदयाच्या उजव्या बाजूच्या वरच्या आणि खालच्या कप्प्यात नेल्या आणि त्वचेखाली खिसा करून त्यात टायटॅनियमची चपटी डबी ठेवली. दुखले म्हणावे तर खिसा करताना खांद्यावर जोरात दाब जाणवला आणि नंतरचे चार दिवस ठणका होता. पहिले सहा आठवडे डावा हात खांद्याच्या वर न्यायचा नव्हता, कारण लीडचे टोक रुजण्याआधी ओढ बसली तर ते जागचे हलू शकते. त्याच वेळी हात अगदी बांधल्यासारखा जखडून ठेवला तर खांदा आखडतो, हे मात्र मला कोणी पुरेशा स्पष्टपणे सांगितले नाही. मी भीतीने हात हलवलाच नाही आणि पुढे महिनाभर खांद्याचे व्यायाम करावे लागले.

फरक कधी कळला, असे मला पुष्कळ जण विचारतात. अंधारी येणे त्याच दिवसापासून थांबले आणि आजतागायत एकदाही आलेली नाही. श्रमाची ताकद मात्र लगेच आली नाही. पहिल्या दीड महिन्यात सपाटीवर छान चालता येई, पण जिना चढताना दुसऱ्या मजल्यावर पाय जड होत. यामागचे कारण पहिल्या तपासणीत कळले. माझ्या यंत्रातला संवेदक शरीराच्या हालचालीवरून, हादऱ्यांवरून श्रमाचा अंदाज घेतो आणि त्याप्रमाणे ठोक्यांचा वेग वाढवतो. जिना उतरताना हादरे जास्त बसतात आणि चढताना कमी, प्रत्यक्षात श्रम मात्र चढताना जास्त असतात. त्यामुळे गरज असते तिथेच यंत्र मागे पडत होते. उलट खडबडीत रस्त्यावर गाडीत नुसते बसलेले असतानाही ठोके वाढत. तंत्रज्ञांनी मला दवाखान्याचा जिना चढायला लावला, वर पोहोचताच ठोके पाहिले आणि संवेदकाचा प्रतिसाद अधिक लवकर मिळेल अशी मांडणी केली. त्या संध्याकाळी मी आमचे तीन मजले न थांबता चढले. यंत्र बसवून झाल्यावरही थकवा राहिला असेल तर “आता वयच झाले” असे स्वतःला न समजावता तो तपासणीत सांगावा, असे माझे आग्रहाचे म्हणणे आहे. माझ्या बाबतीत दोन आकडे बदलल्याने पुष्कळ काही बदलले.

त्या तपासणीतली आणखी एक गोष्ट मनात घर करून आहे. माझे स्वतःचे ठोके किती उरले आहेत हे पाहण्यासाठी तंत्रज्ञांनी यंत्राचा वेग हळूहळू खाली आणला. काही सेकंदांतच छातीत एक पोकळी जाणवली, कानांत दूरचा आवाज आल्यासारखे झाले आणि मी टेबलाची कड धरली. त्यांनी लगेच वेग पूर्ववत केला. जुन्या त्रासाची ती ओळखीची खूण होती, आणि यंत्र दिवसभर मुकाट्याने काय करत असते हे मला त्या वेळी उमगले. नोंदीनुसार वरच्या कप्प्याला ६८ टक्के ठोके यंत्र देते, खालच्या कप्प्याला मात्र एक टक्क्याहूनही कमी. ही दुसरी संख्या कमी असणे चांगले, कारण उजव्या खालच्या कप्प्यातून सतत ठोके दिल्याने काही जणांत वर्षानुवर्षांनी हृदयाची आकुंचनक्षमता घटते. ज्यांना संपूर्ण ब्लॉक आहे त्यांना ते टाळता येत नाही. अशांच्या बाबतीत हृदयाच्या नैसर्गिक वाहक तंतूंजवळ लीड बसवण्याची पद्धत आता वापरात आहे, तिच्याविषयी आधीच विचारून घ्यावे.

रोजच्या वापरात बंधने मला वाटली होती त्यापेक्षा कमी आहेत. मोबाइल यंत्रापासून पंधरा सेंटिमीटर दूर ठेवते आणि उजव्या कानाला लावते. इंडक्शन शेगडीपासून दोन फुटांचे अंतर पाळायला सांगितले आहे. धातुशोधक कमानीतून न रेंगाळता जाते आणि पेसमेकरचे ओळखपत्र कायम पर्समध्ये असते. माझे यंत्र आणि लीड दोन्ही एमआरआयसाठी योग्य आहेत, तरी तपासणीआधी यंत्र त्यासाठीच्या मांडणीवर न्यावे लागते आणि नंतर पुन्हा पूर्ववत करावे लागते. कोणतीही शस्त्रक्रिया ठरली तर रक्तस्राव थांबवायला वापरतात त्या विजेवर चालणाऱ्या कॉटरी या उपकरणामुळे व्यत्यय येऊ शकतो, म्हणून आधी सांगणे आवश्यक असते. खरी गैरसोय क्षुल्लक वाटेल अशी आहे: पिशवीचा पट्टा नेमका डबीवर येतो, डाव्या कुशीवर झोपले की ती टोचल्यासारखी वाटते आणि वणाभोवतीची रुपयाएवढी जागा अजून बधिर आहे.

पेसमेकरने काय केले नाही, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवे. माझा रक्तदाब आहे तसाच आहे आणि त्याची गोळी चालूच आहे. हृदयविकाराचा झटका टाळणे हे या यंत्राचे काम नाही, आणि धोकादायक जलद ठोके विजेच्या धक्क्याने थांबवणारे यंत्र हे निराळे असते. मात्र एक अनपेक्षित लाभ झाला. दुसऱ्या तपासणीत वरच्या कप्प्याच्या अनियमित जलद ठोक्यांची काही मिनिटांची नोंद यंत्रात सापडली, जी मला मुळीच जाणवली नव्हती. सध्या त्यावर औषध दिलेले नाही, परंतु हे भाग वाढले तर मेंदूत रक्ताची गाठ अडकण्याचा धोका पाहून रक्त पातळ करणाऱ्या औषधाचा विचार होईल.

ज्यांना यंत्र किती दिवस टिकेल याची धास्ती आहे त्यांच्यासाठी एक गोष्ट. शरीरात पूर्णपणे बसवलेला पहिला पेसमेकर १९५८ साली स्टॉकहोममध्ये अर्ने लार्सन या त्रेचाळीस वर्षांच्या रुग्णाला बसवला गेला. हार्ट ब्लॉकमुळे त्यांना वारंवार भोवळ येत असे. ते पहिले यंत्र काही तासांतच बंद पडले. त्यानंतर त्यांनी आयुष्यभरात वीसहून अधिक पेसमेकर वापरले आणि २००१ साली, वयाच्या शहाऐंशीव्या वर्षी त्यांचे निधन झाले. माझ्या यंत्राची लिथियम बॅटरी सध्याच्या वापराने सुमारे अकरा वर्षे चालेल, असे गेल्या तपासणीत पडद्यावर दिसले. ती अचानक संपत नाही. बदलाची वेळ जवळ आली की यंत्र काही महिने आधी तशी खूण देते, आणि लीड ठीक असतील तर तोच खिसा उघडून फक्त डबी बदलतात.

पुढची तपासणी तीन महिन्यांनी आहे. तोवर अनियमित ठोक्यांची नोंद वाढली आहे का, हे पाहायचे आहे. शिवाय अलीकडे पहाटे उठल्यावर पहिली काही पावले जड वाटतात; ते मी वेळेसह, पूर्वीसारखेच कागदावर लिहून ठेवायला सुरुवात केली आहे.