बॉक्स क्रिकेटचा टर्फ : जळगावच्या उन्हात स्लॉट संध्याकाळी सातनंतरचाच घ्या

चारी बाजूंनी जाळी लावलेल्या छोट्या मैदानात बॉक्स क्रिकेट खेळतात, ते टर्फवर म्हणजे कृत्रिम गवतावर. या हिरव्या गालिच्याचं नाव झालं ते अमेरिकेतल्या ह्यूस्टनच्या अॅस्ट्रोडोममुळे. १९६५ साली उघडलेलं हे छपराचं बेसबॉल स्टेडियम. पारदर्शक छतातून ऊन डोळ्यांवर यायचं, झेल सुटायचे; म्हणून छत रंगवलं, तर उजेडाअभावी गवतच मेलं. १९६६ मध्ये प्लास्टिकचं गवत अंथरावं लागलं.

आता शहराबाहेरच्या या टर्फबद्दल. दिवे आणि जाळी उत्तम. पण गोलंदाजाचा पाय पडतो तिथे पाती आडवी झालीत, कारण खालची वाळू आणि रबराचे दाणे तिथून सरकलेत. ताठ ब्रश पात्यांच्या उलट दिशेने फिरवून तिथे पुन्हा भर घालायला हवी. इथे नुसता खराटा मारतात, दाणे सगळे जाळीशी!

कडेची शिवणही उचललीय. काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. खाली मुरूम-खडी नीट दाबलेली नसली की शिवण उकलणारच. तिथे डाइव्ह मारू नका.

मे महिन्यात दुपारचा दर कमी असतो, तरी मोहात पडू नका. प्लास्टिक हवेपेक्षा कितीतरी जास्त तापतं, पाणी मारलं तरी थोड्याच वेळात पुन्हा तेच. खिळ्यांचे बूट चालत नाहीत, बारीक रबरी गुट्ट्यांचे आणा.