ग्रामसभा की माहितीचा अर्ज?

रस्त्याचं बिल निघालं, पण रस्ता झालाच नाही. अशा वेळी गावकऱ्याकडे दोन मार्ग असतात.

माहिती अधिकाराचा अर्ज एकट्याने करता येतो. साध्या कागदावर दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावायचं, नेमकी कागदपत्रं मागायची: अंदाजपत्रक, मोजमाप पुस्तिका (झालेल्या कामाची मापं नोंदवलेली वही), बिल. उत्तर 30 दिवसांत यायला हवं. नाही आलं तर पहिलं अपील, मग राज्य माहिती आयोगाकडे दुसरं. तिथे मात्र फार वाट पाहावी लागते, आणि हा विलंब मला अन्यायच वाटतो. शिवाय अर्जाने कागद मिळतो, निर्णय बदलत नाही.

निर्णयाची ताकद ग्रामसभेत आहे. मतदार यादीत नाव असलेला प्रत्येक जण तिचा सदस्य. गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावाने हे करून दाखवलं. गावाने एकत्र बसून, सर्वसहमतीने निर्णय घेतले, 2009 मध्ये गावच्या जंगलावर सामूहिक वनहक्क मिळवला आणि 2011 मध्ये स्वतःच्या बांबूचे वाहतूक परवाने देण्याचा अधिकारही. एकट्याच्या अर्जाने हे कधीच झालं नसतं. पण अनेक गावांत कोरम (किमान हजेरी) भरत नाही, मग तहकूब, म्हणजे पुढे ढकललेली, सभा उरकली जाते, बायका मागे बसतात. सरपंचासमोर उभं राहून प्रश्न विचारणं सोपं नसतं, विशेषतः मजुरी त्याच्याच शेतावर असेल तर.

म्हणून मी आधी अर्ज करायला सांगेन. मोजमाप पुस्तिकेची प्रत हातात घेऊन सभेत उभं राहा आणि तुमचा प्रश्न इतिवृत्तात लिहिला जाईपर्यंत बसू नका.