लेन्सचा किट घेतलाय का? आधी हे वाचा

दोन महिने झाले ऑप्टिक्सचा हा किट वापरतोय, मुळात भाचीसाठी आणला होता पण आता रोज रात्री दिवे बंद करून आम्ही दोघं त्याच्यासमोर बसतो. आत एक मीटरची पट्टी, स्टँड, पडदा, 10 सेंमी फोकल लेंथचं (म्हणजे लांबून आलेले किरण भिंगापासून जेवढ्या अंतरावर एकत्र येतात ते अंतर) बहिर्गोल, म्हणजे मध्ये जाड भिंग, 15 सेंमीचं अंतर्गोल, म्हणजे मध्ये पातळ भिंग आणि तीन किरण सोडणारी छोटी लाईट.

बऱ्याच जणांची तक्रार असते की पडद्यावर प्रतिमा येतच नाही, भिंग खराब आलंय. तसं नसतं हो. मेणबत्ती आणि पडदा यांच्यात फोकल लेंथच्या चौपट, म्हणजे इथे किमान 40 सेंमी अंतर लागतंच, त्याच्या आत भिंग कितीही सरकवा, स्पष्ट चित्र मिळणार नाही. आम्ही 45 सेंमी ठेवलं आणि भिंग हळूहळू सरकवलं, तर मेणबत्तीपासून 15 सेंमीवर ज्योत उलटी आणि दुप्पट मोठी दिसली, मग मध्ये सगळं धूसर, आणि 30 सेंमीला परत स्पष्ट पण निम्मी. भाचीने तीनदा मागेपुढे करून बघितलं, मी पण.

सगळ्यात भारी प्रयोग मात्र माहितीपत्रकात नाहीच. भिंगाचा वरचा अर्धा भाग काळ्या कागदाने झाका. भाची म्हणाली, "मामा, आता अर्धीच ज्योत दिसेल ना?" तिच्या डोक्यात ती पत्रकातल्या आकृतीतली दोन-तीन किरणांची रेघ. पण ज्योत अख्खी दिसते, फक्त मंद होते, कारण ज्योतीच्या प्रत्येक बिंदूपासून प्रकाश सगळ्या भिंगावर पसरतो आणि सगळा पुन्हा एकाच जागी येतो, अर्धा अडवला तरी उरलेला तिथेच पोचतो. हे एकदा डोळ्यांनी बघितलं की आकृती काढतानाही कळतं की त्या रेघा फक्त सोयीसाठी निवडलेल्या आहेत.

मग पडदाच काढून टाका, आणि जिथे प्रतिमा पडत होती त्याच्या 30 सेंमी मागे डोळा नेऊन भिंगाकडे बघा, उलटी ज्योत हवेत तरंगताना दिसते. म्हणजे पडदा प्रतिमा तयार करत नाही, ती तिथे असतेच. मी इतकी वर्षं हे चुकीचं समजत होतो.

आता चुका. पत्रकातल्या आकृतीत किरण भिंगाच्या मधल्या रेषेवर एकदाच वळलेला दाखवलाय. खरं तर तो दोनदा वळतो, आत शिरताना आणि बाहेर पडताना, कारण काचेत प्रकाशाचा वेग सेकंदाला 3 लाख किमीवरून साधारण 2 लाखांवर येतो. तीन किरणांच्या लाईटसमोर जाड भिंग आडवं ठेवलं की दोन्ही वळणं स्वच्छ दिसतात, मग आकृती अशी का काढली? निदान एक ओळ तरी लिहायची. दुसरं, स्टँडवरची खूण भिंगाच्या मध्याशी जुळत नाही, अर्धा सेंमी फरक आहे, त्यामुळे पहिल्या दिवशी आमची गणितं जुळेनात. खिडकीबाहेरच्या लांबच्या झाडाची प्रतिमा कागदावर घ्या आणि भिंगापासून कागदापर्यंतचं अंतर फूटपट्टीने मोजा, खरी फोकल लेंथ कळते. सूर्य मात्र भिंगातून कधीच बघू नका, मुलांना एकटं सोडू नका.

अंतर्गोल भिंगाची फोकल लेंथ मोजायला पडदा धरा असं पत्रकात लिहिलंय, ते तर साफ चूक, त्याची प्रतिमा पडद्यावर येत नाही. आम्ही दोन्ही भिंगं चिकटवून धरली, तर झाड साधारण 30 सेंमीवर स्पष्ट झालं. चिकटलेल्या भिंगांच्या 1/फोकल लेंथची बेरीज होते, अंतर्गोलची मात्र वजा धरायची, म्हणून 1/10 वजा 1/15 म्हणजे 1/30, बरोब्बर! भाचीने टाळी दिली.

काच चांगली आहे, ओरखडे नाहीत, फक्त मोठ्या प्रतिमेच्या कडेला लाल-निळी झाक दिसते, पण ती निळा प्रकाश लालपेक्षा जास्त वळतो म्हणून, कुठल्याही एकेरी भिंगात येणारच, त्यासाठी किट परत करू नका. स्टँडची खूण सुधारेपर्यंत 5 पैकी 4 स्टार.