स्पीन ब्रिज ते अ‍ॅक्नाकॅरी: गाइडसोबतची कमांडो चाल

माझा दादा 21 पॅरा स्पेशल फोर्सेस या लष्कराच्या कमांडो पलटणीतून हवालदार म्हणून रिटायर झाला. ही पलटण मुळात 21 मराठा लाइट इन्फंट्री. 1996 साली तिचं रूपांतर झालं. दादा घरी नोकरीतलं काही सांगत नाही. विचारलं तर म्हणतो, "चहा टाक." मी ग्लासगोत नर्स आहे. मे महिन्यात दोन सुट्ट्या जोडून मिळाल्या, तेव्हा ही चाल बुक केली ती त्याची आठवण काढूनच. माणशी 45 पौंड, सहा जणांचा गट, सगळा दिवस.

ग्लासगोच्या क्वीन स्ट्रीट स्टेशनवरून फोर्ट विल्यमची गाडी धरायची आणि स्पीन ब्रिजला उतरायचं. स्टेशन आपल्याकडच्या एखाद्या घाटातल्या थांब्याएवढं. दुसऱ्या महायुद्धात कमांडो व्हायला आलेली पोरं याच फलाटावर उतरायची. तिथूनच पाठीवर बोजा, हातात रायफल आणि सात मैल चाल, कॅमेरॉन घराण्याच्या अ‍ॅक्नाकॅरीच्या वाड्यापर्यंत. तासाभरात जो पोहोचला नाही, त्याची रवानगी परत मूळ युनिटला. 1942 सालापासून सुमारे 25,000 जण इथे तयार झाले. ब्रिटिश तर होतेच, पण अमेरिकन रेंजर, फ्रेंच, डच, नॉर्वेजियन, बेल्जियन, पोलिशसुद्धा.

आम्हाला याच वाटेला थांबत थांबत चार तास लागले. माझ्या पाठीवर पाण्याची बाटली, पोळीभाजी आणि रेनकोट, इतकंच ओझं होतं. तरी स्टेशनपासून कमांडो स्मारकापर्यंतच्या चढालाच मला धाप लागली. सात मैल म्हणजे सव्वाअकरा किलोमीटर. हे अंतर तासात, तेही बोजा घेऊन, म्हणजे चालणं नव्हेच, अर्धंअधिक पळणं. फलकावर वाचून हे कळत नाही, पोटऱ्यांना कळतं. या चालीचे पैसे तिथेच वसूल झाले.

स्मारक 1952 सालचं, स्कॉट सदरलंड या शिल्पकाराचं. ब्राँझचे तीन कमांडो, सतरा फूट उंच, बेन नेव्हिसकडे बघत उभे. बेन नेव्हिस 1345 मीटर, आपल्या कळसूबाईपेक्षा कमीच. पण मेमध्येही माथ्यावर बर्फ होतं. स्मारकाशेजारच्या छोट्या बागेत घरच्यांनी ठेवलेले फोटो आहेत, लाल पॉपीची फुलं आहेत. अफगाणिस्तानात मारल्या गेलेल्या एका पोराचा फोटो पावसात भिजू नये म्हणून प्लास्टिकमध्ये गुंडाळला होता. मी तिथे बराच वेळ थांबले. गाइडने घाई केली नाही, याबद्दल त्याचे मनापासून आभार.

गाइड वयस्क, निवृत्त शिक्षक. त्याची खरी करामत गेअरलोकीच्या कालव्याजवळ दिसली. पिशवीतून त्याने सहा दोर काढले. प्रत्येक दोर सहा फुटांचा, एका टोकाला फास, दुसऱ्या टोकाला लाकडी दांडकं. असा एकेक दोर प्रत्येक कमांडोजवळ असायचा. एकाचं दांडकं दुसऱ्याच्या फासात अडकवायचं की लांब दोर तयार. असे बरेच जोडले की भिंत चढायची शिडी होते, नदीवरचा पूलही होतो. आम्ही सहाही जणांनी जोडून ताण दिला. लाकूड हातांनी गुळगुळीत झालेलं, दोर ओला आणि जड, तळव्याला वळ उठला. एकट्याजवळचा दोर कंबरेला बांधण्यापलीकडे फारसा कामाचा नाही, हे सांगावं लागलं नाही.

पुढे लॉख लोकी नावाच्या सरोवराच्या काठाने वाट जाते. या काठावर रात्री होड्यांतून उतरण्याचा सराव चाले, आणि डोक्यावरून खऱ्या गोळ्या झाडल्या जात. वाड्याच्या वाटेवर खोट्या कबरींची रांग मांडलेली असे. प्रत्येकीवर त्या माणसाने कोणती चूक केली म्हणून तो मेला, ते लिहिलेलं. कबरी आता नाहीत. वाडा खाजगी आहे, आत जाता येत नाही. जवळच कॅमेरॉन कुळाचं लहानसं संग्रहालय आहे, त्यात कमांडोंचाही भाग आहे. हंगामातच उघडं असतं, आधी चौकशी करून जा.

आता उणं. स्वच्छतागृह कुठे मिळेल हे गाइडने आधी सांगायला हवं होतं. गटात तीन बायका होतो. दुसरं मला जास्त खुपलं. प्रशिक्षणाच्या गोष्टी त्याने रंगवून सांगितल्या, पण इतक्या तयारीने घडवलेली माणसं वापरली कशासाठी, हे दोन वाक्यांत उरकलं. सेंट नाझेरच्या मोहिमेचं तर नुसतं नाव घेतलं. ऐकणाऱ्याला वाटावं, त्या मोहिमेवर गेलेले सगळे इथेच शिकले. तसं नाही, हे केंद्र तेव्हा नुकतंच सुरू होत होतं.

ती मोहीम सांगितल्याशिवाय ही चाल अपुरी आहे. जर्मनांच्या ताब्यातल्या अटलांटिकच्या काठावर टिर्पिट्झसारखी अजस्र जर्मन युद्धनौका दुरुस्तीला घेऊ शकेल अशी एकच गोदी होती, फ्रान्समधल्या सेंट नाझेरला. 28 मार्च 1942ला, मध्यरात्र उलटल्यावर, ब्रिटिशांनी कॅम्पबेलटाउन ही जुनी विनाशिका नाकात स्फोटकं भरून त्या गोदीच्या दारावर आदळवली. दुपारी ती फुटली. गोदी युद्ध संपेपर्यंत निकामी, आणि टिर्पिट्झ अटलांटिकमध्ये उतरलीच नाही. सहाशेहून थोडे अधिक जण मोहिमेवर गेले होते, 169 मेले, 228 परतले, बाकीचे बहुतेक कैद झाले. मूठभर माणसं वापरायची ती अशा जागी, जिथे एक दार मोडलं की अख्खा समुद्र बदलतो. आणि किंमत आधी मोजून. आपल्याकडे कमांडो म्हटलं की मंत्र्याच्या मागे काळे कपडे घालून उभा असलेला माणूस डोळ्यांपुढे येतो. मला त्याचा राग येतो, म्हणून एवढं लिहिलं.

गाइडच्या फायलीत फेअरबर्न-साइक्स खंजिराचा फोटो होता. शांघायच्या पोलिसांत असलेल्या दोघांनी घडवलेला, अरुंद, दुधारी, कमांडोंची खूणच झालेला. दादाच्या छातीवरच्या 'बलिदान' बॅजवरही पंख लावलेला खंजीर आहे. तो बॅज मी लहान भाचीला खेळायला दिला होता एकदा. दादा काही बोलला नाही, पण उठून तिच्या हातातून घेतला आणि रुमालाने पुसला.

संध्याकाळी त्याला दोराचा फोटो पाठवला. लगेच फोन आला. विचारलं, "पाठीवर वजन किती होतं?" मी म्हटलं, चार किलो असेल. मग प्रोबेशनमधल्या, म्हणजे पलटणीत कायम करण्याआधीच्या परीक्षेच्या काळातल्या, एका रात्रीच्या चालीबद्दल वीस मिनिटं बोलला. काय बोलला ते इथे लिहिणार नाही.

बूट भिजले तरी चालतील असे घाला, मेमध्येही अंगावर वारा अडवणारं काही हवं, परतीच्या गाड्या मोजक्या आहेत, तेव्हा अ‍ॅक्नाकॅरीहून टॅक्सी आधीच ठरवा. पुढच्या मेमध्ये दादा-वहिनी येणार आहेत. तिघांची जागा सांगून ठेवली आहे, आणि सेंट नाझेरचा नकाशा बरोबर घेऊन या असं गाइडला लिहून कळवलं आहे.