विलापगीत, मरण आणि जीवाश्म: एकाच लेखकाची तीन पुस्तकं

आई गेली तेव्हा घरी येणाऱ्या प्रत्येकाने मला धीर दिला. मनसोक्त रडू मात्र कुणी दिलं नाही. ती मुभा मला या लेखकाच्या, बायबलमधल्या विलापगीतावरच्या पुस्तकाने दिली, म्हणून मग त्याचीच मरणावरची आणि जीवाश्मांवरची पुस्तकंही मागवून घेतली.

तिन्हींत पहिलंच सरस. इ.स.पू. ५८६ च्या सुमारास बाबेलच्या (बॅबिलोनच्या) सैन्याने यहुद्यांची नगरी यरुशलेम (जेरुसलेम) जाळलं, त्या उद्ध्वस्त नगरीचा आक्रोश म्हणजे विलापगीत. पाच अध्याय, पाच कविता. हिब्रू अक्षरं २२, आणि पहिल्या चार कविता त्या वर्णमालेवर बांधलेल्या: पहिलं कडवं आलेफ या पहिल्या अक्षराने सुरू, मग क्रमाने एकेक अक्षर, आणि शेवटचं ताव या शेवटच्या अक्षराने. तिसरीत तर एकेका अक्षराला तीन-तीन वचनं (म्हणजे श्लोक), एकूण ६६. मराठीत वाचताना हे कळायला मार्गच नाही. लेखक अक्षर न् अक्षर बोट ठेवून दाखवतो. पाचव्या कवितेत मात्र वचनं २२च, पण वर्णमाला नाहीशी झालेली.

तिथे मी पुस्तक मिटलं. आईच्या औषधांच्या वेळा सकाळी आठ, दुपारी दोन, रात्री नऊ. ती गेल्यावरही कितीतरी दिवस मी त्या ठोक्याला उठून स्वयंपाकघरात जायची. गोळ्या नव्हत्या, वेळा तेवढ्या राहिल्या होत्या.

मरणावरचं पुस्तक त्या मानाने पातळ. बायबलच्या स्तोत्र ९० मधलं सत्तर-ऐंशी वर्षांचं आयुष्य, उपदेशक या पुस्तकातली माती, आणि लगेच पुनरुत्थानाकडे, म्हणजे मेलेले पुन्हा उठतील या आशेकडे धाव. माझीही श्रद्धा आहे, पण इतकी घाई सोसवत नाही. स्तोत्र ८८ वरचं प्रकरण तेवढं वाचाच. ते स्तोत्र अंधारातच संपतं, आणि लेखक त्याला उजेड जोडत नाही. धीर देणारं स्तोत्र २३ ऐकत मी लहानाची मोठी झाले, ८८ कधी कानावर पडलं नव्हतं.

जीवाश्मांचं पुस्तक मी धास्तावतच उघडलं आणि दोन रात्रींत संपवलं. ट्रायलोबाइट हे समुद्रातले कवचधारी प्राणी सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वी नामशेष झाले, पण त्यांचे पुष्कळसे जीवाश्म मेलेल्या प्राण्याचे नाहीतच! वाढताना टाकलेली ती कात आहे. शिंपल्याचंही तसंच: कित्येकदा मूळ शिंपला विरघळून जातो, खडकात त्याच्या आकाराची पोकळी राहते. विलापगीताचा पाचवा अध्याय मला नेमका असाच वाटतो. लेखकाने स्वतः हा धागा जोडलेला नाही, जोडायला हवा होता.

तक्रार छपाईची. जीवाश्मांचे फोटो इतके काळवंडलेत की ट्रायलोबाइटचे डोळे शोधावे लागतात, आणि माझ्या प्रतीची सोळा पानं पहिल्याच आठवड्यात सुटली. दुकानाने बदलून दिली नाही.

घरात नुकतंच कुणी गेलं असेल तर दुसऱ्या पुस्तकाने सुरुवात करू नका. विलापगीतावरचं घ्या, शेजारी बायबल उघडं ठेवा आणि दिवसाला एकच अध्याय वाचा. तिसऱ्या अध्यायाला मला चार दिवस लागले.