फ्लटर काही महिने वापरल्यानंतर

गेले काही महिने मी अँड्रॉइड आणि आयओएस या दोन्हींवर चालणारे, फोटोंसह नोंदी ठेवण्याचे एक ॲप फ्लटरमध्ये, म्हणजे एकाच कोडमधून दोन्हींसाठी ॲप बनवणाऱ्या गूगलच्या संचात, लिहीत आहे. त्याआधी माझे काम कोटलिन भाषेत, म्हणजे अँड्रॉइडपुरतेच होते. पुढची मते त्याच चष्म्यातून आलेली आहेत.

फ्लटरच्या डार्ट भाषेने फारसे अडवले नाही. जावा किंवा कोटलिन येणाऱ्याला ती लवकर अंगवळणी पडते, आणि २०२३ मधल्या डार्ट ३ पासून नल सेफ्टी (रिकामे मूल्य चुकून वापरले जाऊ नये यासाठीची तपासणी) सक्तीची झाल्यामुळे बऱ्याच चुका ॲप चालण्याआधीच पकडल्या जातात. कस लागतो तो मांडणीत. कॉलममध्ये (उभ्या रांगेत) चार-पाच टेक्स्टफील्ड (मजकूर भरण्याच्या चौकटी) असलेला साधा फॉर्म घ्या: कीबोर्ड उघडला की उरलेली उंची अपुरी पडते आणि स्क्रीनच्या तळाशी, मांडणी मावत नसल्याची खूण म्हणून, पिवळे-काळे पट्टे उमटतात. फॉर्मभोवती सरकवता येणारा सिंगल-चाइल्ड-स्क्रोल-व्ह्यू गुंडाळला की पट्टे जातात, पण ते का गेले हे समजण्यासाठी मर्यादा वरून खाली येतात, आकार खालून वर कळवला जातो आणि जागा पालक विजेट (बाहेरून वेढणारा स्क्रीनचा घटक) ठरवते, हा नियम पक्का व्हावा लागतो. शिकणाऱ्याने सर्वांत जास्त वेळ इथेच द्यावा. स्टेट मॅनेजमेंटच्या (ॲपमधली बदलती माहिती सांभाळण्याच्या) पॅकेजांवरचे न संपणारे वाद नंतर वाचले तरी चालतात.

हॉट रीलोडची ख्याती सार्थ आहे. कोडमधला बदल सेव्ह केला की तो चालू ॲपमध्ये लगेच दिसतो आणि भरलेला फॉर्म तसाच राहतो. मात्र इनिटस्टेट या, विजेट तयार होताना एकदाच चालणाऱ्या मेथडमधला बदल तेवढ्याने लागू होत नाही, कारण ती मेथड पुन्हा चालवलीच जात नाही. त्यासाठी हॉट रीस्टार्टच, म्हणजे ॲपची नव्याने सुरुवातच, करावी लागते.

स्क्रीन एकदाच लिहाव्या लागतात, हे आश्वासन बहुतांशी खरे ठरले. त्याखालचा, फोनच्या प्रणालीशी बोलणारा थर मात्र दोनदाच शिकावा लागतो. कॅमेऱ्याचे उदाहरण पुरेसे बोलके आहे: आयओएसवर इन्फो-पीलिस्ट या ॲपच्या माहिती-फाइलमध्ये कॅमेरा कशासाठी हवा याचे वाक्य लिहिलेले नसेल, तर ॲप परवानगी मागण्याऐवजी सरळ बंद पडते, आणि त्याचे कारण डार्टच्या कोडमध्ये कितीही शोधले तरी सापडत नाही. ग्रेडल (अँड्रॉइड) आणि एक्सकोड (आयओएस) या ॲप बांधण्याच्या साधनांपासूनही सुटका नाही. आयओएसची बिल्ड करायला मॅक लागतोच, स्वतःचा किंवा भाड्याचा.

भविष्याचा प्रश्न मला 'स्क्रीन कोण रंगवतो' याच्याशी जोडलेला वाटतो. फ्लटर प्रत्येक पिक्सेल स्वतः रंगवते. त्यासाठीचे इम्पेलर हे इंजिन आयओएसवर २०२३ पासून आपोआप वापरले जाऊ लागले आणि पहिल्यांदा चालणाऱ्या ॲनिमेशनमधले अडखळणे त्यामुळे बरेच कमी झाले. पण ॲपलने २०२५ मध्ये लिक्विड ग्लास हे नवे रूप आणले, तेव्हा ते फ्लटरच्या बटणांवर आपोआप उतरणे शक्यच नव्हते. रिॲक्ट नेटिव्ह हे असेच दुसरे साधन मुळात फोनच्या प्रणालीचीच बटणे वापरते, आणि २०२४ च्या ०.७६ आवृत्तीपासून तिथे जुन्या ब्रिजची (जावास्क्रिप्ट कोड आणि प्रणाली यांना जोडणाऱ्या दुव्याची) जागा नव्या आर्किटेक्चरने घेतली आहे. कोटलिन मल्टिप्लॅटफॉर्म तर स्क्रीन वेगळे ठेवून फक्त तर्काचा भाग सामाईक करू देते. ते २०२३ च्या अखेरीस स्थिर घोषित झाले, आणि माझा कल हळूहळू तिकडेच झुकतो आहे.

असा संचच बंद पडण्याची भीतीही निराधार नाही. झामरिन या मायक्रोसॉफ्टच्या अशाच संचाचा पाठिंबा मे २०२४ मध्ये संपला आणि त्यावरच्या ॲपांना त्याच्या वारसाकडे, डॉटनेट माउईकडे, किंवा अन्यत्र जावे लागले. त्यामुळे माझ्या ॲपमध्ये हिशेब आणि साठवणुकीचे वर्ग मी विजेटांपासून पूर्ण अलग ठेवले आहेत, आणि कॅमेऱ्याचा भाग इतरांनी लिहिलेल्या तयार प्लगइनवर (जोडभागावर) न सोडता कोटलिन व (आयओएससाठी) स्विफ्टमध्ये लिहून प्लॅटफॉर्म चॅनलने (डार्ट आणि प्रणालीचा कोड यांच्यातील दुव्याने) जोडला आहे. काम वाढले, पण प्रणालीची नवी आवृत्ती आल्यावर कुणा अनोळखी प्लगइन-लेखकाच्या सवडीची वाट पाहावी लागत नाही. नव्याने शिकणाऱ्यालाही मी हेच सुचवेन की पहिल्याच ॲपमध्ये असा एक चॅनल स्वतःच्या हाताने लिहावा, मग तो फक्त बॅटरीची टक्केवारी आणणारा का असेना.